मेहुण्याविरुद्ध जनहित याचिका कशी करावी : नवशिक्यांसाठी

आधी जनता गोळा करा. मेहुण्याने दुकान टाकायला चार लाख हातउसने नेले आणि आता तो फोन उचलत नाही, एवढ्यावर जनहित उभं राहत नाही. म्हणून अर्जाची सुरुवात 'महाराष्ट्रातील लक्षावधी भोळ्या धनकोंची दुरवस्था' अशी करा आणि मेहुण्याला सोळाव्या परिच्छेदापर्यंत लपवून ठेवा. घटनेचं एकविसावं कलम घालाच. जगण्याचा हक्क आहे, कुठेही बसतो.

पुढची अडचण अशी की जनहित याचिका म्हणजे एक रिट अर्जच, तो मुख्यतः सरकारविरुद्ध चालतो आणि मेहुणा सरकार नाही, घरात तसा वागत असला तरी. तेव्हा रिझर्व्ह बँक, अर्थ खातं, सहकार आयुक्त असे भारदस्त प्रतिवादी वर मांडा आणि त्याला सातव्या क्रमांकावर टाका. रिझर्व्ह बँकेने तुमच्या मेहुण्यावर लक्ष का ठेवायला हवं होतं, ते वकील सुचवतील.

मग प्रतिज्ञापत्र. यात माझा वैयक्तिक स्वार्थ नाही, असं शपथेवर लिहायचं असतं. नवशिक्यांचा हात इथेच अडखळतो. १९८१ साली एस. पी. गुप्ता खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जनहित याचिकेचं दार सताड उघडलं, ते गरिबीमुळे किंवा असहायतेमुळे ज्यांना कोर्टाची पायरी चढताच येत नाही त्यांच्या वतीने दुसऱ्या कुणाला येता यावं म्हणून. तुम्ही तर स्वतःच्याच वतीने, रिक्षा करून, वकिलासह आलात.

सही करण्याआधी १९९१ चा बोकारोचा निकाल वाचा. टाटांच्या कोळसा धुण्याच्या कारखान्यांतला गाळ नदीत जातो आणि पाणी नासतं, अशी तक्रार घेऊन एक गृहस्थ थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. चौकशीत निघालं की ते त्याच कंपनीकडून कित्येक वर्षं तो गाळ विकत घेत होते. जास्तीचा मागितला, कंपनीने नकार दिला, आणि मग त्यांना नदी आठवली. याचिका फेटाळली गेली, वर खर्चापोटी ५ हजार रुपये भरायचा हुकूम. पण स्वच्छ पाणी हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, हे तत्त्वही याच निकालातलं, आणि वकील ते आजही कोर्टात सांगतात. जनतेला हक्क मिळाला, अर्जदाराला गाळ मिळाला नाही.

समजा, नशिबाने याचिका दाखल करून घेतली. मग ती तुमची राहत नाही. शीला बारसे प्रकरणात १९८८ सालीच ठरलंय की जनहित याचिका मागे घेणं हा अर्जदाराचा हक्क नाही. उद्या मेहुणा पाडव्याला पैशांची पिशवी घेऊन दारात उभा राहिला तरी 'आमचं मिटलं' म्हणून उठून येता येईलच असं नाही.

बरं, जनता खरोखरची असली तरी सगळं सोपं नसतं. २०१९ साली पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेत लाखो ठेवीदारांचे पैसे अडकले. म्हातारी माणसं आझाद मैदानात आणि बँकेच्या दारात उभी होती. सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्यासाठी केलेली याचिका ऐकायला नकार दिला आणि उच्च न्यायालयात जायला सांगितलं. मला तो नकार आजही कोरडा वाटतो. मेहुण्याच्या बाबतीत मात्र मी न्यायालयाच्या बाजूने आहे. अशा अर्जांत जाणारा वेळ तुरुंगात खितपत पडलेल्या कुणाचा तरी असतो. अर्थात दिवाणी दावे वर्षानुवर्षं रेंगाळतात, म्हणूनच शहाणी माणसंही हे दार ठोठावतात, हेही खरं.

हे सगळं जमत नसेल तर एक कंटाळवाणा मार्ग आहे. मेहुण्याने दिलेला चेक परत आला असेल तर तसं बँकेकडून कळल्यापासून तीस दिवसांत नोटीस धाडा. नोटीस मिळाल्यावर त्याला पंधरा दिवस, तेवढ्यात पैसे आले नाहीत तर पुढच्या महिन्याभरात फौजदारी तक्रार. चेक नसेल तर वसुलीचा दावा. त्याला साधारणपणे पैसे दिल्यापासून तीन वर्षांची मुदत. ती संपण्याआधी त्याने सहीनिशी लेखी कबुली दिली तर तीन वर्षं पुन्हा पहिल्यापासून मोजतात. तेव्हा घरातल्या पुढच्या लग्नाला कागद आणि पेन घेऊन जा, आणि जेवणाच्या पंगतीआधीच त्याला गाठा; पंगतीनंतर तो सापडत नाही.