बिंदू कुठे दिलाय?

दुर्ग-भिलाईतल्या पद्मनाभपुरात संध्याकाळी पिशवी घेऊन निघालेले दशांशकाका दिसले, की माहीतगार लोक गल्ली बदलतात. काका तब्येत विचारत नाहीत. हातातलं बिल मागून घेतात, कपाळावरचा चष्मा खाली ओढतात आणि म्हणतात, "बिंदू कुठे दिलाय?"

भाजीवालीपाशी तर त्यांना चेवच येतो. दोडका ६४ रुपये किलो, हवा पाऊण किलो. काका लग्नपत्रिकेच्या पाकिटामागे मांडतात: ६४ गुणिले ०.७५. आधी बिंदू विसरायचा, ४८०० आले, आता उजवीकडून दोन घरं मोजायची, ४८.००. तोवर पावाचे सोळा, तीन पावांचे अठ्ठेचाळीस असा हिशेब करून ती बाई पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळलेली असते. "बबा, अड़तालीस दे ना!"

"बघा, बरोबर आलं!" काका तिला पास करतात.

काकांच्या आजीला पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी तोंडपाठ होत्या. जन्मात तिनं बिंदू पाहिला नाही. १ एप्रिल १९५७ ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले तेव्हा काका दुसरीत. आणा ६.२५ नव्या पैशांचा, पण वाण्याने तो सहाच पैशांना धरला. उरलेला पाव पैसा काकांनी अजून माफ केलेला नाही.

नोकरी पोलाद कारखान्यात झाली, म्हणजे आगीत तेलच. भिलाईचा लांब रूळ २६० मीटरचा. मीटरला ६० किलो धरले तर १५,६०० किलो. पाहुणा 'वा' म्हणतो आणि फसतो. कारण खरं वजन मीटरला ६०.२१! बिंदूपुढचे ते २१ सोडले तर एका रुळामागे ५४.६ किलो पोलाद गायब. "म्हणजे तुमच्या सौभाग्यवती," असं काका एकदा पाहुण्याला म्हणाले. तो पाहुणा पुन्हा आला नाही.

मुलाची गाडी ४१२.५ किलोमीटर धावली, पेट्रोल लागलं २७.५ लिटर. दोन्हीकडचे बिंदू एकेक घर सरकवून ४१२५ भागिले २७५, उत्तर १५. मुलगा हल्ली ॲव्हरेज विचारलं की "चांगलं आहे" एवढंच सांगतो.

हे सगळं खरं असलं तरी एक गोष्ट नाइलाजाने सांगावीच लागते. शेजारच्या तान्ह्याला ताप आला. डॉक्टरांनी चिठ्ठीवर थेंबांच्या औषधाचं माप .५ मिली लिहिलं होतं. बिंदूवरून घडी गेलेली. नवखी आई चमच्यात पाच मिली ओतत होती. काका सवयीने पुटपुटले, "बिंदू कुठे दिलाय?" चिठ्ठी दिव्याखाली धरली, डॉक्टरांना फोन लावला आणि ड्रॉपरवरची ०.५ ची रेघ तिला दाखवली. "बिंदूआधी शून्य लिहायला शाई संपते का यांची?" एवढं बोलून घरी गेले. दशांशाची एक चूक म्हणजे दहापट औषध. म्हणूनच औषधशास्त्रात ते शून्य लिहायचा आग्रह असतो.

३० जून २०११ पासून चार आणे आणि त्याखालची नाणी बाद झाली, तेव्हा काका जरा सुकले होते. फोनवरून पैसे देता येऊ लागले आणि त्यांना पुन्हा पालवी फुटली. ३९ रुपये किलोचे ०.९६ किलो कांदे, चुकते ३७.४४. पैसे जमा झाल्याचं सांगणारा दुकानातला डबा "सैंतीस रुपये चौवालीस पैसे" असं ओरडला की काका रांगेकडे विजयाने बघतात.

तेव्हा पद्मनाभपुरात घाईत असाल, तर भाजी काकांच्या आधी घ्या. घरात लहान मूल आजारी असेल, तर मात्र चिठ्ठी त्यांना दाखवा.