दारव्ह्याचे ‘आवडेल तेथे’ काकाजी

‘आवडेल तेथे’ काकाजी म्हणजे एस.टी. महामंडळाच्या ‘आवडेल तेथे प्रवास’ या पासावर महाराष्ट्र पालथा घालणारे निवृत्त गृहस्थ. हा नमुना विदर्भात तालुक्याच्या बहुतेक गावी सापडतो. यवतमाळ जिल्ह्यातील दारव्हा हे स्वतःचे आगार असलेले गाव असल्यामुळे तेथे त्याची वाढ विशेष जोमाने होते. जिल्हा परिषदेची शाळा, तहसील कचेरी, सहकारी बँक किंवा जिनिंगचा हिशेब, यांपैकी एका खुर्चीवर तीसेक वर्षे काढलेली असतात. गावाबाहेर तीन-चार एकर कोरडवाहू असते, त्यात कापूस आणि तूर. नोकरीत असताना काकाजींनी रजा साठवली. निवृत्तीनंतर ते किलोमीटर साठवतात.

ज्या पासावर ही सारी इमारत उभी आहे तो पास महामंडळाने 1988 साली सुरू केला. तो चार दिवसांचा किंवा सात दिवसांचा मिळतो. एकदा पैसे भरले की त्या मुदतीत कोणत्याही थांब्यावर चढावे, कोणत्याही थांब्यावर उतरावे, पुन्हा दुसरी गाडी धरावी. तिकिटाची भानगड नाही. पासाचे नियम काकाजींना तोंडपाठ असतात. प्रौढाला 30 किलो सामान नेता येते, हा त्यांचा आवडता नियम. आसनाची हमी नाही, हा नावडता. पास हरवला तर दुसरा मिळत नाही, हा नियम काकू दर दोन तासांनी आठवून देतात आणि काकाजी दर दोन तासांनी बंडीचा आतला खिसा चाचपतात.

या अवस्थेचा कालखंड निसर्गाने नव्हे, शासनाने ठरवला आहे. वयाच्या 58व्या वर्षी निवृत्ती येते आणि 65व्या वर्षी एस.टी.चे अर्धे तिकीट लागू होते. 75 पूर्ण झाली की 26 ऑगस्ट 2022 पासूनच्या अमृत योजनेत प्रवास फुकट. म्हणजे पास खऱ्या अर्थाने अंगी लागायला मधली सात वर्षेच मिळतात, आणि काकाजी त्यांतला एकही हिवाळा वाया जाऊ देत नाहीत. काकूंसाठी पूर्वी ते दुसरा पास काढत. 17 मार्च 2023 पासून महिलांना सरसकट अर्धे तिकीट झाले आणि तो हिशेब बिघडला. आता काकू साधे तिकीट काढून शेजारी बसतात. त्यांना काहीच वसूल करायचे नसल्यामुळे त्या खिडकीबाहेर पाहतात.

या जातीचे मूळ दारव्हा-मोतीबाग स्टेशनात शोधावे लागते. यवतमाळ ते मूर्तिजापूर ही शकुंतला रेल्वेची अरुंद रुळांची वाट दारव्ह्यावरून जात असे. वऱ्हाडचा कापूस बाहेर नेण्यासाठी ती घातली गेली होती. 1921 साली मँचेस्टरला घडवलेले वाफेचे इंजिन 15 एप्रिल 1994 पर्यंत तिला ओढत होते. त्यानंतर डिझेल आले, पण घाई आली नाही. तिच्या डब्यात लहानपण गेलेल्या माणसाला चढणे आणि उतरणे या प्रवासातल्या स्वतंत्र घटना वाटतच नाहीत. पुढे एस.टी.ने ‘हात दाखवा, गाडी थांबवा’ असे जाहीर केले, तेव्हा उरलेसुरले बंधनही गेले. गाडी म्हणजे जी आपल्यासाठी थांबते ती, ही व्याख्या काकाजींच्या मनात अशी पक्की झाली.

पुण्याला किंवा परदेशी असलेला मुलगा मोबाइलवर चित्रफिती पाठवतो. फ्रान्समध्ये अल्सास प्रांतात 1953 साली आखलेला ‘वाइन मार्ग’ आहे. सुमारे 170 किलोमीटरच्या त्या रस्त्यावर द्राक्षाच्या गावांमागून गावे लागतात. दक्षिण आफ्रिकेत फ्रान्शहूक येथे 2012 पासून वाइन ट्राम चालते. दिवसाचे तिकीट काढायचे, हव्या त्या मळ्यावर उतरायचे, घोट घ्यायचा, मागून येणाऱ्या गाडीत पुन्हा बसायचे. मुलगा कौतुकाने विचारतो, “बाबा, कसं वाटलं?” काकाजी चष्मा वर करतात. “याच्यात नवीन काय हाय बाप्पा? आपल्या कारंजा गाडीत लोक हेच तं करतात.”

तरी चित्रफीत मनात रुतून बसते. त्याला आणखी एक कारण असते. 27 जानेवारी 2022 रोजी राज्य मंत्रिमंडळाने सुपर मार्केटमध्ये वाइन विकू देण्याचा निर्णय घेतला आणि तो लगेच वादात सापडला. दारव्ह्याच्या स्टँडसमोरील चहाच्या टपरीवर त्या वादाची एक बाजू काकाजींनी पंधरा दिवस लढवली. दुसरी बाजू लढवणाऱ्याने अखेर विचारले, “तुम्ही वाइन पाहिली तरी हाय का कधी?” त्याच संध्याकाळी काकाजी चौकशी खिडकीवर सात दिवसांच्या पासाचा दर विचारताना दिसतात.

प्रत्यक्ष पाहणीचा हंगाम जानेवारी ते मार्च. वाइनच्या द्राक्षांची तोडणी तेव्हा चालते आणि घरचा कापूस तोवर बहुतेक वेचून झालेला असतो. पासाचा दिवस रात्री बारापासून मोजला जातो, म्हणून निघायचे ते पहाटेच्या पहिल्या गाडीने. सामानात दशम्या, शेंगदाण्याची चटणी, लिंबाचे लोणचे, तिखट-मिठाच्या पुऱ्या, पाण्याचा कॅन, अंगावरची चादर आणि जुन्या डायरीच्या पानांवर आखलेले वेळापत्रक. वजन 30 किलोंच्या आत आहे की नाही, हे आडत दुकानातील काट्यावर आदल्या दिवशी पाहून ठेवलेले असते.

मार्ग कारंजा, शेलूबाजार, मालेगाव, मेहकर, सिंदखेडराजा, जालना, छत्रपती संभाजीनगर, वैजापूर, येवला, विंचूर, निफाड, नाशिक असा. समांतर जाणारा 701 किलोमीटरचा समृद्धी महामार्ग जून 2025 मध्ये नागपूरपासून मुंबईच्या वेशीपर्यंत पूर्ण झाला, पण काकाजींना त्याच्याविषयी आदर नाही. ज्या रस्त्यावर हात दाखवून उपयोग नाही तो रस्ता त्यांच्या लेखी अपुराच. ते जुन्या वाटेने जातात आणि जागोजागी उतरतात. कारंज्यात गुरुमंदिर, मेहकरात शारंगधर बालाजी, सिंदखेडराजाला जिजाऊंचे जन्मस्थान. दर्शन पंधरा मिनिटांत उरकते. त्यानंतर पुढच्या गाडीची दीड तास वाट पाहणे हा प्रवासाचा मुख्य भाग, आणि तो काकाजी नियंत्रकाच्या खिडकीशी उभे राहून आनंदाने पार पाडतात. गाडी कोणत्या आगाराची, किती उशिरा, चालक मुक्कामी कुठे असतो, ही माहिती डायरीत जाते. मंदिराविषयी डायरीत एवढेच असते: ‘चांगले आहे.’

प्रत्येक टप्प्यानंतर वसुलीचा हिशेब होतो. तिकीट काढले असते तर किती लागले असते, हे कंडक्टरला यंत्रावर दाबून दाखवायला सांगितले जाते. नवखा कंडक्टर दाखवतो. मुरलेला म्हणतो, “काकाजी, तुमचा पास जालन्यालेच वसूल झाला, आता झोपा.” तो दिवस काकाजींच्या आयुष्यातील मोजक्या सुखाच्या दिवसांपैकी असतो. पण झोप येत नाही, कारण आता पुढचा सगळा प्रवास फुकट आहे आणि फुकटची गोष्ट झोपेत घालवणे पाप.

येवल्यानंतर शिवार बदलते. विंचूरला औद्योगिक विकास महामंडळाचे वाइन पार्क आहे. 2001 साली राज्याने द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचे स्वतंत्र धोरण आणले, त्यानंतर निफाड आणि दिंडोरी तालुक्यांत वायनऱ्या वाढल्या. 2010 साली ‘नाशिक व्हॅली वाइन’ला भौगोलिक मानांकनही मिळाले. नाशिकजवळची सुला वायनरी 2000 साली पहिली वाइन घेऊन बाजारात आली आणि आज तिथे पर्यटकांची जत्रा असते. नाशिकात उतरल्यावर मात्र काकाजींवर प्रवासातला सर्वात मोठा प्रसंग ओढवतो. तेथील शहर बससेवा 2021 पासून महापालिकेची, सिटीलिंक नावाची; तिच्यात एस.टी.चा पास चालत नाही. खिशात जिवंत पास असताना तिकीट काढायचे, या कल्पनेने ते थांब्यावर तीन बस सोडून देतात. चौथीत काकू चढतात, तेव्हा नाइलाज होतो.

वायनरीतील वर्तन ठरलेले आहे. ‘21 वर्षांखालील व्यक्तींना वाइन दिली जाणार नाही’ ही पाटी वाचून काकाजी ज्येष्ठांना सवलत किती, ते विचारतात. स्टीलच्या टाक्यांसमोर उभे राहून किती लिटरच्या, याची नोंद होते. मग चवीचे दालन. माहिती देणारा मुलगा नम्रपणे सांगतो, ग्लास असा फिरवा, नाकाशी धरा, पेरूचा वास येतो बघा. काकाजी ग्लास फिरवतात, थोडी वाइन मनगटावरच्या घड्याळावर सांडते. ते बराच वेळ वास घेतात.

“पेरूचाच वास घ्याचा तं पेरू घेऊ नं बावा. वीस रुपयात तीन येतात.”

आजूबाजूची मुंबईची मंडळी हसतात. काकाजींचा ग्लास तसाच राहतो. त्यांनी आयुष्यात कधी घेतलेली नसते आणि आता सुरुवात केल्यास दारव्ह्याला कळेल, ही भीती पाचशे किलोमीटरवरही कायम असते. काकू मात्र गुलाबी वाइनचा एक घोट घेतात, क्षणभर विचार करतात आणि निकाल देतात, “अंबाडीच्या सरबतासारखी लागते. साखर कमी पडली.” या विषयावर दोघांत परतीच्या प्रवासात एक शब्दही निघत नाही.

खरी पाहणी बाहेर मळ्यात होते. तेथे काकाजी पर्यटक राहत नाहीत. ते वाकून माती चिमटीत घेतात, ठिबकची नळी पाहतात, एक मणी दाताखाली फोडतात. वाइनचे द्राक्ष बारीक, जाड सालीचे आणि बियांचे असते. बाजारात खायला येणाऱ्या थॉमसनशी किंवा सोनाकाशी त्याचे रूप जुळत नाही. एप्रिलची खरड छाटणी आणि ऑक्टोबरची फळछाटणी, भुरी आणि केवडा, हे सर्व ते बांधावर उभ्या माणसाकडून दहा मिनिटांत काढून घेतात. मग येतो मुद्द्याचा प्रश्न, भाव कोण ठरवतो? बागाइतदार सांगतो, काही वायनऱ्या अनेक वर्षांचा करार करतात. माल कसा हवा, गोडी किती हवी, दर काय, हे आधी ठरते.

“आंधीच? लिवून?”

“लिहून.”

काकाजी बांधावर बसतात. ज्या माणसाने कापूस आधी वेचला, मग गाडीत भरला, मग बाजार समितीच्या आवारात रांगेत उभा केला आणि सर्वांत शेवटी त्याचा भाव ऐकला, त्याला बसणे भागच असते. त्या सात दिवसांत ते एवढे गप्प कधीच नसतात. बागाइतदाराला दया येते. तो सांगतो, 2008 नंतरच्या मंदीत वाइनला उठाव राहिला नाही, लहान वायनऱ्या बंद पडल्या, शेतकऱ्यांनी उभे वेल उपटून टाकले. अवकाळी आणि गारपीट तर दरवर्षीची. काकाजींच्या चेहऱ्यावर रंग परत येतो. “म्हणजे बोंडअळी इथंबी हाय,” असे म्हणून ते उठतात आणि त्या अनोळखी माणसाला आपल्या दशम्यांतली एक देतात.

परतीचे सामान म्हणजे खायच्या द्राक्षांची एक पेटी. ती मांडीवर प्रवास करते. जालन्यापर्यंत तिच्या कोपऱ्यातून रस झिरपू लागतो आणि नाशिकहून काकाजींनी नेमके काय आणले, यावर गाडीत कुजबुज सुरू होते. ते प्रत्येक नव्या प्रवाशाला पेटी उघडून दाखवतात आणि दाखवताना चार-चार मणी वाटतात. शेवटच्या दिवशी पास रात्री बाराला संपतो. कारंजा सुटताना पावणेअकरा झालेले असतात. चालकाने चहाला गाडी थांबवू नये म्हणून काकाजी त्याला स्वतःच्या कॅनमधले पाणी आणि द्राक्षाचा शेवटचा घड देतात.

दुसऱ्या दिवसापासून टपरीवर व्याख्यानमाला सुरू होते. सातही दिवस विषय एकच, कोणती गाडी कुठे मिळाली. पण मधूनच एखादा कापसावाला विचारतो, “अन् त्या द्राक्षावाल्यायचं काय?” तेव्हा काकाजी डायरी बंद करून करारापासून छाटणीपर्यंत सगळे नीट सांगतात. वाइनचा एक थेंब न चाखता वाइनच्या गावांची इतकी चोख माहिती आणणारा दुसरा पर्यटक नाशिकला मिळणे कठीण.

पर्यटनाच्या बैठकांत द्राक्षाच्या गावांसाठी वरून उघड्या, रंगीत बसगाड्यांच्या कल्पना अधूनमधून मांडल्या जातात. त्या जरूर याव्यात. काकाजींना त्यांचा उपयोग नाही, कारण त्यांत पास चालणार नाही. त्यांची मागणी साधी आहे आणि ती दारव्हा आगाराच्या तक्रारपुस्तकात नोंदवलेली असते: आहे तीच लाल गाडी वेळेवर सोडावी, आणि हात दाखवला की थांबावे.