हात दाखवून अवलक्षण

देवणीच्या बसस्थानकासमोर रस्ता ओलांडायची एक रीत आहे. पिशवी खांद्यावर टाकायची, तोंड पलीकडच्या चहाच्या गाड्याकडं ठेवायचं आणि येणाऱ्या ट्रककडं न बघता नुसता पंजा त्याच्या दिशेनं धरून चालू लागायचं. सीमेवरचं गाव, त्यामुळं बाजारात मराठी, कन्नड, उर्दू, तेलुगू सगळं कानावर पडतं. पण पंजाचं भाषांतर कुणाला करावं लागत नाही. पंजा उभा धरला तर 'थांब', खालीवर हलवला तर 'जरा दमानं', आणि ओलांडून झाल्यावर मागं उडवला तर 'जा आता, अडलं होतं का काही?' ट्रकवाला हॉर्ननं उत्तर देतो, क्लीनर खिडकीतून मान काढून 'ओ मामा, घरी सांगून आलाव का?' असं विचारतो, तोवर मामांच्या हातात चहा आलेला असतो. 'हात दाखवून अवलक्षण' ही म्हण ज्योतिषाच्या दारात जन्मली असेल, पण इकडं ती वाहतुकीच्या नियमासारखी पाळली जाते. आता या नियमालाच धोका निर्माण झालाय. जगात ठिकठिकाणी अशा मोटारी फिरू लागल्यात की ज्यांच्या चाकामागं कुणीच बसलेलं नसतं. मग हात दाखवायचा कुणाला?

हा प्रश्न त्या मोटारी बनवणाऱ्यांनाही पडलाय आणि त्यांनी त्यावर पैसा पाण्यासारखा ओतलाय. अमेरिकेत वेमो कंपनीच्या गाडीच्या टपावर एक घुमट आहे. पायी माणसासाठी गाडी थांबली की त्या घुमटावर तसं चित्र उमटतं, आणि आतली सवारी दार उघडून उतरणार असली तर मागून येणाऱ्या सायकलवाल्यालाही इशारा मिळतो. मर्सिडीजनं मोरपंखी रंगाचे दिवे काढलेत. ते लागले की समजायचं, गाडी आपली आपण चाललीय, आतल्या साहेबांकडं बघू नका. 2023 च्या डिसेंबरात कॅलिफोर्निया आणि नेवाडा या दोन राज्यांनी त्याला परवानगी दिली. स्वीडनच्या एका कंपनीनं 2016 मध्ये माणूस दिसला की पुढच्या जाळीवर हसणारी गाडी दाखवली. जग्वार लँड रोव्हरनं 2018 मध्ये एका डब्यासारख्या गाडीला वाटीएवढाले डोळे बसवले. सगळ्यांवर ताण केली ती फोर्डनं. 2017 मध्ये व्हर्जिनियातल्या संशोधकांना बरोबर घेऊन त्यांनी काचेवरच्या दिव्यांची चाचणी केली. पण कायद्यानं गाडीत माणूस हवा आणि चाचणीसाठी तो दिसायला नको, म्हणून चालवणाऱ्याला चक्क सीटचं सोंग देऊन बसवलं. आमच्याकडं बहुरूपी पोलिसाचं सोंग घेऊन दारोदार फिरतो. सीटचं सोंग काही अजून कुणाला सुचलं नव्हतं.

वाहनानं बोलावं यात आम्हाला नवल नाही. आमची वाहनं जन्मापासून बोलतात, गप्प कशी करायची एवढाच प्रश्न. ट्रकच्या मागं 'हॉर्न ओके प्लीज' लिहिलेलं असतं, म्हणजे वाहन दुसऱ्या वाहनाला स्वतःहून बोलायचं आमंत्रण देतं. महाराष्ट्राच्या परिवहन आयुक्तांनी 30 एप्रिल 2015 रोजी या तीन शब्दांवर बंदी घातली. या शब्दांमुळं लोक विनाकारण हॉर्न वाजवतात, हे कारण. डिपरची गंमत तर वेगळीच. ब्रिटनच्या वाहतूक पुस्तिकेत लिहिलंय की समोरचा दिवा उघडझाप करायचा तो फक्त 'मी इथं आहे' हे कळवायला. तरी तिथला माणूस त्याचा अर्थ 'या, तुम्ही आधी' असा लावतो. आपल्याकडं त्याच उघडझापीचा अर्थ 'मी आलो, सरक' असा होतो. ट्रकनं उजवा इंडिकेटर दिला तर तो उजवीकडं वळणार असतो, किंवा 'मागच्या, तू काढ गाडी' म्हणत असतो. दोन्हींपैकी कोणतं ते ओव्हरटेक करताना कळतं. एसटीतली घंटी तेवढी नि:संदिग्ध, एक दिली की थांबायचं, दोन दिल्या की निघायचं, पण ती आतल्या आत. बाहेरच्या माणसाला गाडी मागं येताना पत्र्यावर पडणारी क्लीनरची थाप आणि 'आन दे, आन दे' एवढाच आधार. उसाच्या हंगामात दोन ट्रॉल्या ओढत चाललेल्या ट्रॅक्टरवर गाण्यांचा आवाज असा असतो की त्याला बाकी कुणाचंच ऐकू येत नाही. तो फक्त वक्ता.

या सगळ्या बोलण्याचं व्याकरण मात्र एकच आहे: आज्ञार्थ. बोलायचं वाहनानं, समजून घ्यायचं पायी माणसानं, आणि नाही समजलं तर चूक त्याची. अपघात झाला की पहिलं वाक्य येतं, 'हॉर्न दिला होता की!' या वाक्यानं चालवणारा अर्धा सुटतो. ऐकणारा बहिरा होता का, डोक्यावर वैरणीचा भारा होता का, कडेवर लेकरू होतं का, हे विचारायची गरज उरत नाही. आमचं म्हणणं एवढंच, की टपावरचा घुमट, मोरपंखी दिवा आणि जाळीवरचं हसू ही याच हॉर्नची शिकलीसवरलेली नातवंडं आहेत. आवाज गेला, अदब आली, पण ओझं जिथल्या तिथं राहिलं. उद्या कोर्टात वाक्य येईल, 'दिवा लावला होता की!' हॉर्नची सवय मात्र नातवंडांनाही पुरती सुटलेली नाही. 2024 च्या ऑगस्टमध्ये सॅन फ्रान्सिस्कोत एका वाहनतळावर जमलेल्या या बिनचालक मोटारी पहाटे चारला एकमेकींवर हॉर्न वाजवत बसल्या, भावकीत बांधावरून वाजावं तशा, आणि आजूबाजूच्या माणसांची झोप उडाली.

ओझं कुणाच्या डोक्यावर, हे नुसतं व्याकरण नव्हे. 18 मार्च 2018 च्या रात्री अमेरिकेतल्या टेम्पे गावात एक बाई हातात सायकल धरून रस्ता ओलांडत होती. उबरची चाचणीतली स्वयंचलित गाडी आली. गाडीच्या यंत्रांनी त्या बाईला धडकेच्या 5.6 सेकंद आधी टिपलं होतं. एवढ्या वेळात आमच्या स्टँडसमोर दोन माणसं ओलांडून तिसरं परत येतं. पण यंत्रणा ठरवत बसली: हे वाहन आहे? सायकल आहे? की आणखी काही? नाव बदललं की आधीचा हिशेब पुसायचा आणि नव्यानं मांडायचा. गाडीत देखरेखीला माणूस होता, त्याचं लक्ष मोबाइलमध्ये. बाई गेली. पुढं तिथल्या राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळानं चौकशी केली तेव्हा कळलं, की पट्टे सोडून मधूनच रस्ता ओलांडणारा पादचारी असू शकतो, याचा विचारच त्या यंत्रणेत केलेला नव्हता. पट्ट्यांवर असाल तर पादचारी. नसाल तर वस्तू. टेम्पेच्या या हिशेबानं पाहिलं तर देवणी तालुक्यात आजवर पादचारी फारसा जन्मलेलाच नाही. वलांडीत नाही, बोरोळात नाही. पांढरे पट्टे कुठं असलेच तर धुळीखाली असतील, आणि वर शेंगांची गाडी लागलेली असेल.

यावर जाणकार म्हणतील, तुम्ही चेष्टा करता, पण डोळ्यांचा उपयोग होतो हे सिद्ध झालंय. झालंय खरं. टोकियो विद्यापीठात 2022 मध्ये एका गोल्फच्या गाडीला यंत्राचे डोळे लावून प्रयोग केला. डोळे आपल्याकडं वळलेत की नाहीत हे पाहून लोकांचे रस्ता ओलांडायचे निर्णय सुधारले. मात्र लोक होते अठरा आणि रस्ता होता आभासी, डोळ्यांवर चढवलेल्या पडद्यातला. तेही बाजूला ठेवू. मुद्दा असा, की डोळा वळला म्हणजे दिसलं असं थोडंच असतं? हा गुरांचा मुलूख आहे. देवणी गाय-बैलांनी गावाचं नाव देशभर नेलं. काळ्या तोंडाचा वानेरा, पांढराशुभ्र बालंक्या, ठिपक्यांचा शेवेरा ही नावं इथं पोरांनाही ठाऊक. त्यामुळं नंदीबैलाची मान आम्हाला कुणी शिकवायला नको. पाऊस पडेल का, मान हलते. पोरीचं जमेल का, मान हलते. बैलाला प्रश्न कळलेला नसतो, गुबुगुबु वाजलेलं कळतं, आणि हे मालकाला माहीत असतं, बैलाला माहीत असतं, फक्त पैसे देणाऱ्याला माहीत नसतं. गाडीनं 'तुम्हाला पाहिलं, जा' असा दिवा लावणं म्हणजे मान हलवणं झालं. दिवा लावणारी तार आणि ब्रेक लावणारी तार एकाच डोक्यातून निघालीय याची खात्री पायी माणसानं कशावरून करायची? आमच्या ट्रकांच्याही पुढं दृष्ट लागू नये म्हणून डोळे वटारलेलं तोंड टांगलेलं असतं. त्या डोळ्यांच्या भरवशावर रस्ता ओलांडलेला माणूस अजून सापडायचाय.

दुसरे जाणकार याहून शहाणे आहेत. ते म्हणतात, दिवे नकोत आणि डोळेही नकोत. माणूस मुळात गाडीची चाल वाचतो. वेग कमी होतोय का, अंतर किती, नाक कुठल्या बाजूला झुकतंय. हे आम्हाला मान्य आहे, आणि गूगलच्या मोटारी हेच रडतपडत शिकल्या. 2009 मध्ये त्यांची गाडी एका चौकात अडकून पडली. बाकीचे चालक 'माझा नंबर' म्हणत थोडंथोडं पुढं सरकत राहिले आणि ही नियमाची पोरगी सगळे पूर्ण थांबायची वाट बघत बसली. मग तिला थोडं पुढं सरकून हक्क सांगायला शिकवलं गेलं. 2015 मध्ये ऑस्टिनला एक सायकलवाला पाय न टेकता जागेवर तोल सांभाळत उभा राहिला. तो बोटभर हलला की गाडी ब्रेक मारायची, स्थिर झाला की निघायची, पुन्हा ब्रेक. चाल ही भाषा खरीच, पण तिला बोली असतात. ऑस्ट्रेलियात 2017 मध्ये व्होल्वोच्या यंत्रणेला कांगारूनं चकवलं, कारण तो उडी मारून हवेत गेला की तिला लांब वाटायचा आणि जमिनीवर आला की जवळ. फीनिक्सच्या सरळ रस्त्यांवर शिकलेल्या गाडीला कासरा तुटलेल्या वासराची, वरातीची, वेळ अमावस्येला डोक्यावर आंबिलाचं मडकं घेऊन निघालेल्या बाईची चाल कळेल हे गृहीत धरणं म्हणजे पुण्याच्या माणसाला बिदरच्या बाजारात घासाघीस करायला पाठवण्यासारखं आहे.

चाल वाचणारं बिनचालक वाहन इकडं होतंच की. बाजारातून परतताना मालक गाडीत आडवा झालाय, कासरा सैल, आणि बैल घराच्या वाटेला लागलेत, हे मराठवाड्यात कुणाला सांगायला नको. रस्ता वाहतुकीच्या 1968 च्या व्हिएन्ना करारानंसुद्धा चालकाची व्याख्या बघताना बैलाला सोडलं नव्हतं. चालकाला वाहन ताब्यात ठेवता आलं पाहिजे किंवा आपली जनावरं हाकता आली पाहिजेत, असं त्याच्या आठव्या कलमात आहे. झोपलेला मालक या कलमात बसत नाही. पण बैलाला वाटेत मूल आडवं आलं तर ते वाहन आहे की सायकल, हे ठरवायला तो थांबत नाही; आधी थांबतो, मग फुरफुरतो. एवढाच क्रम आम्हाला मोटारीत हवाय.

आता सर्वांत जड आक्षेप, आणि तो टाळण्यात अर्थ नाही. तुमची पंजाची भाषा एवढी गोड, तर माणसं मरतात कशी? केंद्राच्या आकडेवारीप्रमाणं 2022 साली भारतात रस्त्यांवर 1,68,491 माणसं गेली, त्यांत पायी चालणारी 32,825. हा आकडा वाचल्यावर पंजाचं कौतुक घशात अडकतं. यंत्र दारू पीत नाही, डुलकी घेत नाही, मालकाच्या खेपांच्या हिशेबासाठी रात्रभर जागत नाही. नीट केलेलं यंत्र आमच्या क्लीनरपेक्षा बरं निघेल, हे कबूल. म्हणून तर बोलतोय. त्या 32,825 जणांपैकी किती जणांना हॉर्न ऐकू आला नव्हता म्हणून ते गेले? वाहनाचं बोलणं कमी पडलं असं कुठं दिसत नाही. कमी पडलं ते वाहनाचं ऐकणं, आणि नवा पैसा पुन्हा त्याच्या जिभेवर चाललाय.

अ‍ॅडम मिलार्ड-बॉल या अभ्यासकानं याच धाग्याचं दुसरं टोक धरलंय. गाडी हटकून थांबणार हे एकदा कळलं की पायी माणूस बिनघोर कुठूनही ओलांडेल आणि गाड्या खोळंबतील, असं त्यानं मांडलं. तो हे शांतपणे सांगतो; मोटारवाले मात्र ही अडचण म्हणून सांगतात. म्हातारा न घाबरता पलीकडं जाईल, ही अडचण! शाळेतलं पोर धावत रस्ता ओलांडेल आणि तरी संध्याकाळी घरी येईल, यावर तोडगा शोधायचाय!

आपल्याकडं तूर्त काळजी नाही. नितीन गडकरींनी 2023 च्या डिसेंबरात नागपुरात सांगून टाकलंय, बिनचालक गाड्या देशात येऊ देणार नाही, लाखो चालकांच्या पोटाचा प्रश्न आहे. पोटाचं कारण खरं आहे. पण तयारी कुठं ना कुठं चालू असते. 2018 मध्ये हैदराबादच्या ट्रिपल आयटीनं हैदराबाद-बंगळूरच्या रस्त्यांची दहा हजारांवर चित्रं जमवून यंत्रांना शिकवण्यासाठी खुली केली, त्यांतल्या प्रत्येक गोष्टीला नाव दिलं: ऑटोरिक्षा, जनावर, होर्डिंग. निजामाच्या राजधानीनं आमची इतपत दखल घेतली याचा आनंद आहे. त्यात रस्त्याकडेच्या मातीच्या पट्टीलाही वेगळं नाव आहे. त्याचा अर्थ, वेळ पडली तर गाडी जिथं उतरवता येईल अशी जागा. देवणी ते उदगीर याच पट्टीवरून पोरं शाळेला जातात आणि बाया सरपण घेऊन येतात.

तेव्हा संबंधित खात्याला एक विनंती. मोरपंखी दिवे यायचे तेव्हा येतील. तोवर स्टँडसमोर, शाळेसमोर आणि दवाखान्यासमोर पांढरे पट्टे तेवढे मारून द्या, पहिल्या पावसात न जाणाऱ्या रंगाचे. म्हणजे यंत्र येईपर्यंत आम्ही निदान कागदोपत्री पादचारी होऊ.