दूध कंपनीचे, जोखीम सर्वांची

राशिभविष्य लिहिणाऱ्याला उद्याचे काही ठाऊक नसते, तरी तो ‘गुरुवारी धनलाभ’ असे ठणकावून लिहितो. मोठ्या कंपनीच्या वार्षिक अहवालात जोखमीचे प्रकरण लिहिणाऱ्या वकिलाला पुष्कळ काही ठाऊक असते, पण तो एकही वाक्य ठामपणे संपवत नाही. कच्च्या मालाचे दर वाढू शकतात. सरकारचे धोरण बदलू शकते. युद्ध, साथ, संप, व्याजदर, खटले आणि ‘आमच्या नियंत्रणाबाहेरील इतर घटक’ यांचा नफ्यावर प्रतिकूल परिणाम होऊ शकतो. शिवाय अहवालात जिथे जिथे ‘अपेक्षा’, ‘अंदाज’ आणि ‘विश्वास’ असे शब्द आले असतील, तिथे आमच्या भरवशावर राहू नका, हेही तो बजावून ठेवतो. कंपनीचे धंदे जितके जास्त, तितके हे प्रकरण जाड. गुंतवणूकदाराला सांगायचे एवढेच की, एक धंदा बसला तर दुसरा तारून नेईल, कारण आमची जोखीम विभागलेली आहे.

विभागलेली आहे हे खरेच. कोणाकोणात, हे पाहायचे तर वाळवंटात जायला हवे.

रियाधच्या आग्नेयेला सुमारे ८० किलोमीटरवर अल खर्ज आहे. इथे हवाई दलाचा तळ आहे, दारूगोळ्याचे कारखाने आहेत आणि गायी आहेत. त्याही हजारोंच्या कळपाने, काळ्या-पांढऱ्या होल्स्टीन. उन्हाळ्यात बाहेर पारा ४५च्या वर गेलेला असतो आणि गोठ्यात मोठमोठे पंखे व पाण्याचे बारीक फवारे चालू असतात. गाय ओल्या पाठीने रवंथ करत उभी असते आणि शेण ओढणारा माणूस घामाने निथळत असतो. इथल्या ‘अल साफी’च्या गोठ्याची नोंद गिनेस बुकात झाली. ‘अल मराई’ ही कंपनी १९७७ मध्ये प्रिन्स सुलतान बिन मोहम्मद बिन सौद अल कबीर यांनी आयर्लंडच्या मॅकगकियन बंधूंना सोबत घेऊन उभी केली आणि २००५ मध्ये तिचे शेअर बाजारात आले. आज ती दूध, दही, लबान, फळांचे रस, पाव, कोंबड्या आणि तान्ह्या बाळांची दूधपावडर असे सगळे विकते. एवढा मोठा संसार म्हटल्यावर जोखीमही आलीच.

जोखीम पहिली, पाणी. अल खर्जमध्ये पूर्वी ऐन दिलअसारखे खोल झरे होते. १९४०च्या दशकात राजे अब्दुलअझीझ यांच्या सरकारने त्यांवर पंप बसवून, अराम्कोच्या मदतीने शेती फुलवली. झरे आटले. मग खोल बोअर मारले आणि हजारो वर्षांपूर्वीच्या पावसाचे, पुन्हा न भरणारे पाणी उपसायला सुरुवात झाली. सरकारने गव्हाला असा हमीभाव दिला की, १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला सौदी अरेबिया गहू निर्यात करणाऱ्या देशांत सहाव्या क्रमांकावर जाऊन बसला. ज्या देशात एकही बारमाही नदी नाही, त्याने जगाला पोळ्या पुरवल्या. २००८ मध्ये सरकारला पाण्याची आठवण झाली आणि २०१६ पर्यंत गव्हाची सरकारी खरेदी टप्प्याटप्प्याने थांबली. मोठ्या शेतांवरचा हिरवा चारा बंद करायचा निर्णय २०१५ मध्ये झाला. अहवालाच्या भाषेत याला ‘भूजलाच्या उपलब्धतेविषयीची अनिश्चितता’ म्हणायचे. उपसलेले पाणी परत येत नाही, यात अनिश्चित काय आहे, असे विचारणाऱ्याला संचालक मंडळावर घेत नाहीत.

जोखीम दुसरी, चारा. गाय अल खर्जला आणि तिचा लसूणघास अमेरिकेत, असा तोडगा कंपनीने आधीच काढून ठेवला होता. २०१४ मध्ये अल मराईच्या ‘फोंडोमोंटे’ या उपकंपनीने ॲरिझोना राज्यात व्हिक्सबर्गजवळ सुमारे ९,८०० एकर जमीन ४ कोटी ७५ लाख डॉलरला घेतली. तिथल्या ग्रामीण भागात बोअरमधून किती पाणी उपसावे याला मर्यादा नव्हती. बटलर व्हॅलीतली सरकारी जमीन तर एकरी वर्षाला २५ डॉलर भाड्याने मिळाली, पाणी वर फुकट. वाळवंटातल्या पाण्याची बचत व्हावी म्हणून दुसऱ्या वाळवंटातले पाणी घासात भरायचे, घासाचे गठ्ठे बांधायचे आणि ते बोटीने अर्धे जग ओलांडून आणायचे. सगळे अगदी कायदेशीर! पुढे तिथल्या शेजाऱ्यांच्या विहिरींचे पाणी खाली गेले आणि बोभाटा झाला. ऑक्टोबर २०२३ मध्ये गव्हर्नर केटी हॉब्ज यांनी बटलर व्हॅलीतला एक करार रद्द केला आणि बाकीच्यांची मुदत वाढवायची नाही असे जाहीर केले. डिसेंबर २०२४ मध्ये राज्याच्या ॲटर्नी जनरलनी कंपनीवर दावा ठोकला. विहीर शेजाऱ्याची आटली, पण अहवालाच्या हिशोबी जोखीम कंपनीची वाढली, ‘परदेशी नियमनाची’.

जोखीम तिसरी, शेजारी. कतारचे बहुतेक दूध सौदीहून सलवाच्या नाक्यावरून जात असे. जून २०१७ मध्ये सौदीने कतारशी संबंध तोडले आणि नाका बंद केला. दोहाच्या दुकानांत आधी तुर्कस्तानचे दूध आले. मग ‘बलदना’ या कंपनीसाठी गायी चक्क विमानाने उतरू लागल्या. कतार एअरवेजच्या मालवाहू विमानातून जुलैमध्ये पहिल्या गायी बुडापेस्टहून आल्या. जानेवारी २०२१ मध्ये सौदीतल्या अल उला इथे दोन्ही देशांचे मनोमिलन झाले, तोवर कतार दुधाच्या बाबतीत स्वतःच्या पायावर, म्हणजे गायींच्या चार पायांवर, उभा राहिला होता. नाका उघडला, पण गेलेले गिऱ्हाईक पूर्वीसारखे परत आले नाही. नाका बंद करण्याचा निर्णय कोणत्याही दूध कंपनीने घेतलेला नव्हता. ‘नियंत्रणाबाहेरील घटक’ हा शब्दप्रयोग इथे मात्र शंभर टक्के खरा.

जोखीम चौथी, मायबाप सरकार. जुलै २०११ मध्ये अल मराईने दुधाचे भाव वाढवले आणि व्यापार मंत्रालयाने काही दिवसांतच ते उतरवायला लावले. जानेवारी २०१८ मध्ये ५ टक्के व्हॅट आला, जुलै २०२० मध्ये तो १५ टक्के झाला. बाजार मुक्त आहे, फक्त त्याने कधी मुक्त व्हायचे हे मंत्रालय कळवते.

जोखीम पाचवी, माणूस. हिचा मान अहवालात सर्वांत शेवटी, ‘मनुष्यबळ’ या मथळ्याखाली. जुलै २०१७ पासून सौदीत परदेशी कामगाराच्या कुटुंबातल्या प्रत्येक माणसामागे महिन्याला १०० रियाल कर सुरू झाला आणि दरवर्षी शंभराने वाढत २०२०ला ४०० वर पोचला. बायको आणि दोन मुले इकाम्यावर, म्हणजे निवास परवान्यावर, असतील तर वर्षाला १४,४०० रियाल, तेही नूतनीकरणाच्या वेळी आगाऊ. खेड, म्हसळा, श्रीवर्धनकडच्या कितीतरी घरांना हा हिशोब तोंडपाठ आहे. ‘फॅमिली परत पाठवली’ हे त्या वर्षांतले आखातातले नेहमीचे वाक्य. फ्रिज आणि पलंग येईल त्या किमतीला काढायचे, दोरीने आवळलेले खोके विमानात चढवायचे, मुलांची नावे गावाकडच्या शाळेत घालायची आणि आपण पुन्हा चौघांच्या खोलीत बॅचलर व्हायचे. मालकांवरही परदेशी कामगारांसाठी कर होता. पण कारखाने अडचणीत येतात हे ओळखून सरकारने ऑक्टोबर २०१९ पासून परवानाधारक कारखान्यांचा तो भार स्वतः उचलला. कुटुंबावरचा कर मात्र कामगाराच्या खिशातूनच जात राहिला. कंपनीची जोखीम सरकारने घेतली, कामगाराची त्याच्या बायकोने.

आता आपल्याकडे पाहू. संगमनेर किंवा अकोल्याकडचा दोन गायींचा मालक वार्षिक अहवाल छापत नाही. छापला असता तर तो असा झाला असता: सरकी पेंडीचे दर वाढू शकतात आणि वाढतातच. संकलन केंद्रावर फॅट ३.५ आणि एसएनएफ ८.५ लागेल असा आमचा विश्वास आहे, यंत्राचा नाही. दर पडले की आम्ही जुलै २०१८ सारखे दूध रस्त्यावर ओतू शकतो. २०२४ सारखे लिटरमागे ५ रुपये अनुदान मिळू शकते, मात्र त्यासाठी गायीच्या कानातला बिल्ला ऑनलाइन दिसायला हवा. गाय लंपीने मेल्यास मोठा धक्का बसेल. आमची जोखीम विभागलेली नाही, कारण ती द्यायला आमच्या खाली कोणीच उरलेले नाही.

हल्ली गल्लोगल्ली डिमॅट खाती आहेत आणि आयपीओचा अर्ज मोबाइलवर दोन मिनिटांत भरता येतो. तेव्हा वाचकहो, अर्ज भरण्याआधी जोखमीचे प्रकरण जरूर वाचा. कंपनीवर काय काय कोसळू शकते ते त्यात सविस्तर असते. ते कंपनीने पुढे कोणावर ढकलले, हे मात्र तुमचे तुम्हालाच शोधावे लागेल. आणि शोधून झाल्यावर त्या यादीत आपले नाव नाही ना, तेही पाहून घ्या.