1 जूनचा फरारी

आमच्या दहावीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर 1 जूनला निम्मा वर्ग एकमेकांनाच शुभेच्छा देत बसतो. पहिलीत नाव घालताना गुरुजींनी सगळ्यांना ही एकच तारीख सरसकट वाटली होती. बाकीच्यांचं त्यावाचून काही अडलं नाही. मला मात्र पंचेचाळिशीत स्वतःचा असा वाढदिवस हवासा वाटला.

ग्रामपंचायतीच्या जन्मनोंदवहीत 9 नोव्हेंबर 1978 सापडली. मुख्याध्यापक म्हणाले, शाळा सोडल्यावर जनरल रजिस्टरला हात लागत नाही. मी ऐटीत सांगितलं, उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 2019 मध्ये उघड चुकांपुरती वाट मोकळी केली आहे. ते म्हणाले, "मग यात उघड काय आहे? 1 जून कॅलेंडरात असतोच की!"

झालं, दिवाणी दावा. प्रतिवादी साक्षात महाराष्ट्र शासन, म्हणून आधी कलम 80 ची नोटीस आणि दोन महिने स्वस्थ बसणं. माजी लष्करप्रमुख जनरल व्ही. के. सिंह याच दुखण्यापायी 2012 साली सर्वोच्च न्यायालयात गेले आणि याचिका मागे घेऊन परतले, हे आमच्या वकिलांनी मला सांगितलं. फी घेतल्यावर.

घोळ असा, की नोंदवहीत बाळाच्या नावाचा रकाना कोरा. लिंग पुरुष, वडील आमचेच. तो पुरुष मीच, हे सांगायला आईला साक्षीला उभं केलं.

"आजी, तारीख कशी लक्षात राहिली?" सरकारी वकिलांनी उलटतपासणी सुरू केली.

"दिवाळी होऊन आठवडा झाला होता. करंज्या डब्यात होत्या. सासूबाईंनी मला एक खाऊ दिली नाही."

"पण तो मुलगा हाच कशावरून?"

आईने चष्म्यावरून मला न्याहाळलं. "दुसरा असता तर एवढ्यासाठी मला इथवर आणली नसती."

स्टेनोने वर पाहिलं. "साहेब, हेही घेऊ?"

"घ्या," साहेब म्हणाले. माझ्याबद्दलचं आईचं मत आता न्यायालयाच्या अभिलेखात आहे.

दावा मंजूर झाला. रजिस्टरात लाल शाईने दुरुस्ती झाली आणि मी पेढे घेऊन घरी आलो. बायकोने निकालपत्र वाचलं, बोटांवर काहीतरी मोजलं. तिची जन्मतारीख 14 ऑगस्ट 1978. लग्नात मी तिच्याहून अडीच महिन्यांनी मोठा होतो. कोर्टाच्या हुकमाने जवळजवळ तीन महिन्यांनी धाकटा झालो.

हातातला पेढा तसाच खाली ठेवून तिने वकिलांना फोन लावला आणि अपिलाची मुदत किती असते ते विचारलं.