शिलेदाराची उंची

प्रस्तुत लेखकाचे पूर्वज घोडदळात होते. कागदोपत्री पुरावा नाही; पण देवघराच्या वरच्या फळीवर एक गंजकी रिकीब आहे आणि तिच्या जोरावर हे घराणं पिढ्यान् पिढ्या मान ताठ ठेवून चालत आलं आहे. तीच मान घेऊन लेखक लेकीकडे इंग्लंडला गेला. जावयाने त्याला सहा वर्षांच्या नातवासोबत डार्टमूरच्या कडेला, बुटक्या घोड्यांच्या एका घरगुती फार्मवर नेलं.

घोडा लेखकाच्या कमरेला लागत होता.

शेटलंड पोनी 42 इंचांच्या वर जाता कामा नये. अमेरिकन मिनिएचर तर 34 इंचांतच आटोपतो. ही उंची मान पाठीला मिळते तिथपर्यंतच मोजतात. डोकं हिशेबात धरतच नाहीत. पाच फूट तीन इंचांच्या लेखकाला ही पद्धत मुळीच पटली नाही. त्याच्याकडे दाखवण्यासारखं जे काही आहे ते मानेच्या वरच आहे, अशी त्याची समजूत आहे.

पाठीवर बसायची मुभा फक्त लहान मुलांना. मोठ्यांनी हवं तर ब्रश घेऊन खरारा करावा. गाजरं चारायलाही बंदी, कारण हिरव्यागार कुरणावर ही मंडळी भराभर सुटतात आणि मग खुरांना सूज येते.

ब्रश हातात येताच लेखकाने नातवाला शिलेदार आणि बारगीर यांतला फरक सांगायला घेतला. शिलेदार स्वतःचा घोडा आणि स्वतःची हत्यारं घेऊन चाकरीला येतो. बारगिराला घोडा सरकारातून मिळतो. आपण अर्थातच शिलेदार! शिवाजी महाराजांच्या पागेत पंचवीस बारगिरांवर एक हवालदार, पाच हवालदारांवर एक जुमलेदार. शिवाय दर पंचवीस घोड्यांमागे एक पखालजी आणि एक नालबंद. नालबंदाचा पगार किती असावा, यावर लेखकाने स्वतःची अशी एक उपपत्ती मांडली. महाराजांचा भरवसा शिलेदारांपेक्षा पागेवर अधिक होता, ही सभासदाच्या बखरीतली माहिती मात्र त्याने नातवापर्यंत पोहोचू दिली नाही. मग भीमथडी तट्टू आलं: ठेंगणं, काटक, घाट चढणारं, मिळेल त्या चाऱ्यावर निभावणारं. म्हणजे ज्या उंच घोड्यावरून पूर्वज जगाकडे बघत होते, तोही फारसा उंच नव्हताच. हे वाक्य तोंडातून गेल्यावर लेखक थोडा वेळ मुकाट्याने ब्रश फिरवत राहिला.

"आजोबा, हे इतके छोटे कशाला केले?" नातवाने विचारलं.

आजूबाजूला 'सो क्यूट'चा गजर चालला होता, आणि लेखकाला त्याचा एकाएकी राग आला. 1842 साली ब्रिटिश संसदेने बायका, मुली आणि दहा वर्षांखालचे मुलगे यांना खाणीत उतरवायला बंदी केली. त्याआधी या नातवाच्या वयाची पोरं जमिनीखाली अंधारात बसून, कोळशाची गाडी आली की दार उघडायची आणि गेली की लावायची. बंदीनंतर खाणींतली घोड्यांची मागणी वाढली, आणि जिथे बोगदा ठेंगणा तिथे शेटलंड पोनी गेले. कित्येकांचा तबेलाही खालीच असे. खाणींना पुरतील असे आखूड पोनी मिळावेत म्हणून याच डार्टमूरवर शेटलंड नर आणून सोडले होते. क्यूट म्हणे! हे आखूड पाय बोगद्याच्या मापाने बेतलेले होते.

नातवाला यातलं किती सांगायचं, हे लेखकाला ठरवता येईना. "कामासाठी," एवढंच तो म्हणाला. नातवाने घोड्याच्या झिपऱ्या बाजूला करून त्याचे डोळे तपासले आणि "आता याला काम नाही ना?" एवढी खात्री करून घेतली.

मग स्वारी निघाली. नातू पाठीवर, फार्मवरची मुलगी पुढे दोरी धरून, आणि लेखक शेजारून ब्रशसह. घोडा फार्मचा, तिकीट जावयाचं. "म्हणजे मी बारगीर!" नातू आनंदाने ओरडला.

"बरोबर," लेखकाला म्हणावं लागलं.

"मग तुम्ही कोण?"

लेखक योग्य शब्द शोधत होता, तेवढ्यात जावयाने फोटो काढून कुटुंबाच्या ग्रुपवर टाकलाही. साताऱ्याहून सौभाग्यवतींचं उत्तर लगेच आलं: "बाळ छान बसलाय. मोतद्दाराला म्हणावं, पोट आत घ्या."