दरसाल अधिक मास

महिना किती दिवसांचा, यावर आपल्या पूर्वजांनी फार डोकं चालवलं. चांद्रमास साडेएकोणतीस दिवसांचा. असे बारा झाले की 354 दिवस, सौर वर्षापेक्षा अकरा कमी. ही तूट साठत गेली की साधारण तेहतिसाव्या महिन्याला अधिक मास. 2023 मध्ये श्रावण दोन, 2026 मध्ये ज्येष्ठ दोन. अनारशांपायी सासऱ्याचा हिशेब बिघडतो, पण पंचांगाचा जुळतो.

मोबाइलवाल्यांनी ही कटकटच मिटवली. त्यांचा महिना 28 दिवसांचा. कुठून आणला, ते चंद्राला विचारून उपयोग नाही. नक्षत्रांना विचारावं, तर ती सत्तावीस. अभिजित धरलं तर अठ्ठावीस होतात खरी. तेव्हा प्लॅन आखणारा कुणी अभिजितवादी ज्योतिषी असावा. नाहीतर या मंडळींच्या भिंतीवरच्या कॅलेंडरची बाराही पानं फेब्रुवारीची असणार. बारा कशाला, तेरा! अठ्ठावीस गुणिले तेरा, 364. म्हणजे अधिक मास दरसाल. जावई नाही, अनारसे नाहीत, वाण मात्र आपण द्यायचं, तेही आगाऊ. पुन्हा 28 म्हणजे नेमके चार आठवडे, त्यामुळे सोमवारी रिचार्ज मारलं की पुढचंही सोमवारीच. वार पक्का, तारीख मात्र दर खेपेला दोन-तीन दिवस मागे सरकते. एक तारखेला पगाराबरोबर सुरू केलेलं रिचार्ज हळूहळू मागे रांगत महिनाअखेरीला येऊन बसतं, जेव्हा खिशात फक्त मोबाइल असतो. तारीख जागची हलत नाही ती फेब्रुवारीत, आणि तेही लीप वर्ष नसेल तर!

दर 28 दिवसांचे 300 रुपये धरा. बारा वेळचे 3600, तेरा वेळचे 3900. हेच 300 रुपये ‘दर सव्वाआठ टक्क्यांनी वाढवले’ असं छापून मागितले असते, तर आपण चौकाचौकांत बोंब मारली असती. महिन्याच्या पोटातून अडीच दिवस काढून घेतले, तर आपण ‘अरे, संपलं वाटतं’ म्हणून निमूटपणे अंगठा दाबतो. 84 दिवसांच्या प्लॅनला तर आपण कौतुकानं ‘तीन महिन्यांचं’ म्हणतो. चार वेळा 84 म्हणजे 336. वर्षाचे 29 दिवस गेले कुठे?

आणि आपण कुणाची मुलं? दूधवाल्यानं दोन खाडे धरले नाहीत, तर दारात उभं करून त्याच्याशी पाऊण तास भांडणाऱ्यांची! गरिबाच्या अर्ध्या लिटरला आपली त्रैराशिकं बरोबर आठवतात. पावकी-निमकी शाळेतून गेली तेव्हा कुणी हूं की चूं केलं नाही. ‘हिशेबाला फोन आहे की,’ म्हणाले. आहे ना! त्यात कॅल्क्युलेटरही फुकट आहे. पण ज्या फोनवरून लुटले जातो, त्याच फोनवर एक भागाकार करायला आपलं बोट वळत नाही. मग लुटणाऱ्यानं तरी का लाजायचं?

पगार अजून बारा वेळाच होतो. तेव्हा पुढच्या खेपेला प्लॅनची किंमत वाचून थांबू नका. तिला दिवसांनी भागा, 365 नी गुणा, मग घरातल्या फोनांनी. चार फोन असतील, तर नुसत्या तेराव्या महिन्याचे 1200 रुपये होतात.